ग्रेस बम्ब्री: मेझो आवाजाने सोप्रानोच्या भूमिका घेतल्या तेव्हा

१९७० साली लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमध्ये ग्रेस बम्ब्री यांनी रिचर्ड स्ट्रॉसची 'सलोमी' गायली. तेव्हा त्या ३३ वर्षांच्या होत्या. मेझो-सोप्रानो (बायकांच्या आवाजातला मधल्या उंचीचा वर्ग, थोडक्यात मेझो) म्हणून युरोप-अमेरिकेतल्या बहुतेक मोठ्या रंगमंचांवर त्यांचं नाव पक्कं झालं होतं. सलोमी मात्र सोप्रानोची, म्हणजे सगळ्यात उंच आवाजाची भूमिका, आणि तीही भल्याभल्यांची दमछाक करणारी. त्याच वर्षी 'आइदा'च्या ध्वनिमुद्रणात त्यांनी अम्नेरिस गायली, ती मेझोची. पुढच्या वर्षी न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात 'तोस्का', म्हणजे पुन्हा सोप्रानो.

नाव झालेल्या मेझोने ऐन भरात असं वर सरकावं का, हा प्रश्न त्या काळी अटीतटीने चर्चिला गेला. 'आवाज वाया घालवला' असं म्हणणारे होते, तसे 'आवाजाला मोकळं रान मिळालं' असं म्हणणारेही. आमच्या मते दोन्ही निकाल घाईचे आहेत. त्यांनी कोणती भूमिका कोणत्या वर्षी आणि कशानंतर घेतली, हे क्रमाने पाहिलं की प्रकरण उलगडत जातं.

पट्टी ठरलेली असते

आपल्याकडे गायिका आपला सा स्वतः ठरवते. पेटीची काळी चार जमत नसेल तर काळी तीन घ्यायची. वय झालं की सूर उतरवायचा. तबला-तानपुरे त्याप्रमाणे लावायचे. ऑपेरात ही सोय नाही. 'आइदा'चा संगीतकार व्हेर्दी याने जो स्वर ज्या उंचीवर लिहिला तो तिथेच गायचा, कारण ऐंशी-शंभर वादकांच्या वाद्यवृंदाच्या वह्या त्याच उंचीच्या असतात. अपवाद आहेत. बेल्लिनीने 'नॉर्मा'तली 'कास्ता दिवा' पांढरी पाचमध्ये लिहिली होती, पण ती एक स्वर उतरवून पांढरी चारमध्ये गायची वहिवाट पडली आहे. असे अपवाद मोजकेच. ऑपेरा गायिकेला पट्टी निवडता येत नाही, ती भूमिका निवडते. भूमिकेची निवड हीच तिची पट्टीची निवड.

पेटीच्या भाषेत सांगायचं तर मधल्या सप्तकाच्या खालच्या पांढरी सहापासून (सेकंदाला २२० कंप) वरच्या सप्तकाच्या पांढरी सहापर्यंत (८८० कंप) हा मेझोचा हमखास मुलूख. सोप्रानोचा मधल्या पांढरी एकपासून त्याच्या दोन सप्तकं वरच्या पांढरी एकपर्यंत, म्हणजे साधारण १०४७ कंपांपर्यंत. तिथल्या टोकाच्या स्वराला ऑपेरावाले 'हाय सी' म्हणतात. कागदावर फरक दोन-तीन स्वरांचा दिसतो. बऱ्याच चांगल्या मेझोंचा गळा हाय सीपर्यंत पोचतोही. म्हणून 'किती वर जातो' यावरून आवाजाची जात ठरवायची नसते. आवाज कोणत्या उंचीवर तास-दीड तास न थकता राहू शकतो, हे पाहायचं. ऑपेरात याला टेसितुरा म्हणतात. पुण्या-मुंबईहून दिवसभरासाठी सिंहगडावर जाऊन येणं वेगळं आणि तिथे घर करून राहणं वेगळं.

दुसरी खूण म्हणजे आवाजाचा सांधा. बाईचा आवाज वर जाताना एका ठिकाणी बनावट बदलतो. सोप्रानोत हे वळण वरच्या सप्तकाच्या काळी तीनजवळ येतं, मेझोत अर्धा-एक स्वर आधी, पांढरी तीन-चारच्या आसपास. काळी चार पट्टीत गाणारी आपली ख्यालगायिका तार पंचमाला जाते तेव्हा ती वरच्या काळी दोनवर असते. म्हणजे आपली गायिका साधारण जिथून परत फिरते, तिथेच मेझोची कसोटी सुरू होते.

गळा एक, गुरूंची मतं दोन

बम्ब्रीबाईंचा जन्म ४ जानेवारी १९३७ चा, मिसुरी राज्यातल्या सेंट लुइसचा. १९५४ साली, सतरा वर्षांच्या असताना, तिथल्या रेडिओ केंद्राची स्पर्धा त्यांनी जिंकली. बक्षिसात स्थानिक संगीत संस्थेची शिष्यवृत्ती होती. ती संस्था कृष्णवर्णी विद्यार्थ्यांना वर्गात घेत नसे. वेगळं बसवून खासगी शिकवू, असं संस्थेने सांगितलं. आईने ते नाकारलं. पुढे बॉस्टन, मग नॉर्थवेस्टर्न विद्यापीठ, आणि तिथे लोट्टे लेहमान भेटल्या. लेहमान या स्वतः जर्मन परंपरेतल्या थोर सोप्रानो. त्यांनी एका उन्हाळ्यापुरतं म्हणून कॅलिफोर्नियातल्या सांता बार्बराला बोलावलं आणि त्या उन्हाळ्याची काही वर्षं झाली.

प्रकरणाचं मूळ इथे आहे. लेहमान यांच्या मते हा आवाज मेझोचा होता. बाईंचे दुसरे शिक्षक, टेनर (पुरुषांतला उंच आवाज) आर्मांद तोकात्यान, यांना त्यात सोप्रानो ऐकू येत होती. दोघांचेही कान तयार होते. दोघांनीही खरंच ऐकलं होतं, कारण आवाजाची दोन्ही टोकं भक्कम होती: खाली गडद, भरीव खर्ज आणि वर धार असलेला तार. अशा आवाजाला जर्मन नाट्यगृहांत 'त्स्विशेनफाख' म्हणतात, म्हणजे दोन वर्गांच्या मधला. तिथे गायकाच्या करारातच त्याचा आवाजवर्ग लिहिलेला असतो आणि त्या वर्गातल्या भूमिका त्याच्या वाट्याला येतात. मधल्या आवाजाची यात फार ओढाताण होते; दोन्हीकडून मागणी येते आणि नाही म्हणायचं काम गायिकेवर पडतं.

सुरुवात मेझो म्हणून झाली. १९५८ साली मेट्रोपॉलिटनच्या राष्ट्रीय चाचणी स्पर्धेत त्या सोप्रानो मार्टिना अरोयो यांच्यासह विजेत्या ठरल्या. १९६० साली पॅरिस ऑपेरात अम्नेरिस गायल्या आणि मग स्वित्झर्लंडच्या बाझेलमध्ये कंपनीच्या गायिका म्हणून राहिल्या. मध्यम आकाराच्या नाट्यगृहात काही हंगाम काढणं ही या धंद्यातली सगळ्यात उपयोगी तालीम. भूमिका भराभर अंगवळणी पडतात, सभागृह लहान असल्याने आवाज रेटावा लागत नाही, आणि चूक झाली तर जगभर बोभाटा होत नाही.

बायरॉइट, १९६१

जर्मनीतल्या बायरॉइटला वाग्नरच्या ऑपेरांचा महोत्सव भरतो. तिथे वाग्नरचा नातू वीलांट याने 'टानहॉयझर'मधल्या व्हीनससाठी त्यांना निवडलं. बायरॉइटच्या रंगमंचावर महत्त्वाच्या भूमिकेत उभ्या राहिलेल्या त्या पहिल्या कृष्णवर्णी गायिका. निषेधाची पत्रं आली, वर्तमानपत्रांनी 'काळी व्हीनस' असे मथळे दिले. प्रेमदेवतेच्या गुहेचं नृत्य मॉरिस बेजारने बसवलं होतं, वाद्यवृंद वोल्फगांग झावालिश यांच्याकडे होता. २३ जुलैच्या रात्री पडदा पडल्यावर ३० मिनिटं टाळ्या चालल्या आणि ४२ वेळा कलाकारांना पुढे यावं लागलं. चोवीस वर्षांची मुलगी एका रात्रीत जगप्रसिद्ध झाली. पुढे केनेडी दांपत्याने व्हाइट हाउसला बोलावलं आणि अमेरिकेतले कार्यक्रम-आयोजक सोल ह्युरोक यांनी पाच वर्षांचा मोठा करार दिला.

वर्णद्वेषाला दिलेलं उत्तर म्हणून ही रात्र नेहमी सांगितली जाते, आणि सांगावीच. पण आवाजाच्या दृष्टीने आणखी एक गोष्ट घडली. व्हीनस ही सोप्रानो आणि मेझो दोघीही गातात. विशेषतः वाग्नरने पॅरिससाठी नव्याने लिहिलेल्या भागात तिचं गाणं बराच वेळ वर राहतं. म्हणजे ज्या भूमिकेने त्यांना 'मेझो' म्हणून जगासमोर आणलं, तिचाच एक पाय सोप्रानोच्या अंगणात होता.

भूमिकांची चढण

१९६१ ते १९७१ या दहा वर्षांतल्या भूमिका उंचीच्या हिशेबाने लावून पाहू. हा अभ्यास गाणाऱ्यांनी पेटी समोर ठेवून करावा.

अम्नेरिस: मुक्काम मध्य सप्तकात. चौथ्या अंकात पुजाऱ्यांना शाप देताना वरची पांढरी सहा जोरात लागते, पण तिथे जाऊन लगेच उतरायचं असतं.

एबोली, 'दॉन कार्लो'तली: १९६३ साली कॉव्हेंट गार्डनमध्ये आणि ऑक्टोबर १९६५ मध्ये मेट्रोपॉलिटनमध्ये पदार्पण याच भूमिकेतून. एबोलीची दोन गाणी दोन वेगळ्या गळ्यांसाठी लिहिल्यासारखी आहेत. पहिलं बुरख्याचं गाणं, हलकं, तानांचं, स्पॅनिश वळणाचं. दुसरं 'ओ दॉन फाताले', स्वतःच्या रूपाला दिलेला शाप. यात तीन भाग येतात: उद्रेक, मग राणीसाठी पश्चात्ताप, मग कार्लोला वाचवण्याचा निश्चय. उद्रेकातच आवाज वरच्या पांढरी सातपर्यंत (९८८ कंप) फेकावा लागतो. पश्चात्तापात तोच आवाज खाली येऊन लांब श्वासाच्या, शांत ओळी गातो. आणि शेवटी, दमलेल्या अवस्थेत, काळी पाचवर चढून मुक्काम करायचा. पुष्कळ मेझो पहिल्या उद्रेकात सगळं खर्चून टाकतात. मग मधला भाग कोरडा जातो आणि शेवटचा स्वर ओढून-ताणून येतो. जॉर्ज शोल्टी यांनी १९६५ साली केलेल्या ध्वनिमुद्रणात बम्ब्रीबाईंचा मधला भाग ऐका. आवाजात ओल शिल्लक आहे, म्हणून शेवटचा चढ जोराचा असूनही कर्कश होत नाही.

लेडी मॅकबेथ: १९६४, झाल्झबुर्ग, समोर डीट्रिश फिशर-डीस्काऊ. ही व्हेर्दीची विचित्र भूमिका. सुरुवातीला तलवारीसारखा आवाज हवा, आणि झोपेत चालण्याच्या प्रवेशाच्या अखेरीस हाय सीच्याही वरची काळी एक, तीही व्हेर्दीच्या शब्दांत 'आवाजाच्या एका धाग्याने' लावायची. मेझोंना ही भूमिका भुरळ घालते, कारण तिचा खालचा भाग त्यांना शोभतो.

कार्मेन: १९६६ आणि १९६७, झाल्झबुर्ग, वाद्यवृंदाचे संचालक कारायान. पूर्णपणे खालची-मधली भूमिका. दोन चढांच्या मध्ये ही सपाटी आली, हे महत्त्वाचं.

मग १९७० ची सलोमी. एकच अंक, सुमारे शंभर मिनिटं, मध्यंतर नाही. शंभरावर वादक, आणि एकदा आत आल्यावर सलोमीला जवळपास शेवटपर्यंत मंचावर राहायचं. खाली १८५ कंपांच्या काळी तीनपर्यंत उतरायचं, वर पांढरी सातपर्यंत जायचं. खालचा तो स्वर 'मृत्यूचं रहस्य' या शब्दांवर येतो. पुष्कळ सोप्रानोंची तिथे निव्वळ हवा ऐकू येते. खरा खर्ज असलेल्या गायिकेला तो सहज मिळतो. बाईंची निवड इथे अचूक होती: सोप्रानोच्या भूमिकांतून त्यांनी आधी ती घेतली जिच्यात मेझो असण्याचा फायदा आहे.

तोस्का (१९७१) मात्र वेगळी. तिथे खर्जाचा तसा फायदा नाही. 'विस्सी दार्ते' दुसऱ्या अंकाच्या आरडाओरड्यानंतर येते, हळू सुरू होते, बराच वेळ मध्यात रेंगाळते आणि शेवटी काळी पाचला पोचून तिथून आवाज बारीक करत खाली यावं लागतं. इथून पुढे बाईंनी सोप्रानोची वाट उघडपणे धरली: १९७४ मध्ये मिलानच्या ला स्कालात 'येनूफा', १९७५ मध्ये पॅरिसला द्युकाची 'आरियान', १९७८ मध्ये कॉव्हेंट गार्डनला 'नॉर्मा', १९७९ मध्ये पॅरिसला 'नाबुक्को'तली आबिगाइल्ले. ही शेवटची भूमिका या आवाजासाठीच लिहिल्यासारखी आहे. दुसऱ्या अंकाच्या सुरुवातीला आबिगाइल्लेला हाय सीवरून एका उडीत दोन सप्तकं खाली यायचं असतं. वरचं टोक आणि खालचं टोक, दोन्ही खणखणीत हवीत.

काय बिघडतं, कुठे आणि का

वर सरकणाऱ्या मेझोचं नुकसान वरच्या स्वरांत दिसेल असं सगळ्यांना वाटतं. ते आधी दिसतं मध्यात.

कारण असं. खालचा, छातीचा आवाज जाड स्वरतंतूंनी निघतो. मधल्या सप्तकाच्या पांढरी तीन-चारजवळ तो हळूहळू पातळ व्हायला हवा. नाट्यमय सोप्रानो भूमिकांत वाद्यवृंद जड असतो, म्हणून गायिका तो जाडपणा पुढे पांढरी पाच-सहापर्यंत ओढते. त्या रात्री टाळ्या मिळतात. पण वरचा आवाज हलका ठेवायची सवय आणि खालचा जड ठेवायची सवय, या दोघी एकमेकींपासून दूर जातात आणि मधे खिंड पडते. सुरुवातीला तिथे थोडी हवा ऐकू येते, मग मध्यात हळू गाणं अवघड होतं, मग दोन आवाज जोडल्यासारखे वाटू लागतात.

दुसरं बिघडतं ते कंपन. निरोगी ऑपेरा आवाजात सेकंदाला पाच ते सात हेलकावे असतात. गळा दमला की ते पाचाच्या खाली येतात आणि रुंद होतात. श्रोत्याला सूर नेमका कुठे आहे ते कळत नाही. रेटून गाण्याचं हे पहिलं उघड लक्षण. ते दिसलं की भूमिका बदलायची, औषधं नव्हे.

तिसरं उच्चारांचं. वरच्या सप्तकात 'ई' किंवा 'ऊ' शुद्ध ठेवायला गेलं तर आवाज आक्रसतो, कारण गायलेला स्वरच त्या अक्षराच्या नैसर्गिक नादाच्या वर निघून गेलेला असतो. तोंड उघडावं लागतं, 'ई' 'ए'कडे, पुढे 'आ'कडे झुकते. मेझो आयुष्यभर शब्दांवर जगलेली असते. तिला ही तडजोड पटत नाही, ती अक्षर धरून ठेवते आणि स्वर ताणला जातो.

चौथं, तारखा. दोन जड प्रयोगांमध्ये किमान दोन-तीन दिवस हवेत, हे सगळ्यांना माहीत असतं. त्याहून कमी पाळलं जातं ते असं की वरच्या भूमिकेवरून खालच्या भूमिकेवर येताना गळ्याला सवय पालटायला काही आठवडे लागतात. सोमवारी तोस्का आणि शुक्रवारी अम्नेरिस ही मांडणी गाठीशी दांडगा अनुभव असलेल्या गायिकेलाही महागात पडते.

बम्ब्रीबाईंच्या बाबतीत यातलं काय झालं? जाणकारांत एकमत नाही. वरचे स्वर लखलखीत आले, पण साठच्या दशकातली मध्यातली मखमल पुढे तेवढी राहिली नाही, असं काहींनी म्हटलं, आणि ध्वनिमुद्रणं लागोपाठ ऐकली तर आम्हालाही ते काही अंशी पटतं. १९६२ चं बायरॉइटचं 'टानहॉयझर' आणि १९७० ची लाइन्सडॉर्फ यांची 'आइदा' (लिओन्टाइन प्राइस, प्लासिदो दोमिंगो, शेरिल मिल्न्स यांच्यासह) यांतला मध्य ऐका आणि मग १९७९ ची आबिगाइल्ले. मध्य कडक झाला आहे. पण त्याच आबिगाइल्लेत उडीची दोन्ही टोकं नेमकी लागतात, आणि सोप्रानो भूमिका सुरू केल्याला तोवर दशक होत आलं होतं. गळा मोडलेली गायिका असं गाऊ शकत नाही.

आमचं मत असं की तीन गोष्टींनी हा आवाज वाचवला. आधी दोन्ही वर्गांच्या सीमेवरच्या भूमिका घेतल्या: व्हीनस, एबोली, लेडी मॅकबेथ. वर चढताना मधे कार्मेनसारखी सपाटी ठेवली. आणि मेझोच्या घराला कुलूप लावलं नाही. सगळ्यात मोठा धोका होता तोस्कासारख्या भूमिकांचा, जिथे खालच्या आवाजाचं भांडवल कामाला येत नाही आणि सगळा भार मध्यावर पडतो. मध्यातलं नुकसान झालं असेल तर ते तिथे झालं, सलोमीत नाही.

त्याच काळात शर्ली व्हेरेट याही मेझोकडून सोप्रानोकडे गेल्या. १९७३ साली मेट्रोपॉलिटनमध्ये बेर्लिओझच्या 'ले त्रॉयां'मध्ये क्रिस्टा लुडविग आजारी पडल्यावर त्यांनी एकाच रात्री कासांद्रा आणि डिडो दोन्ही गायल्या. दोघींची तुलना सतत होई, स्पर्धेच्या कहाण्या पसरत. जानेवारी १९८२ मध्ये थोर कृष्णवर्णी गायिका मारियन अँडरसन यांच्या सन्मानार्थ कार्नेगी हॉलमध्ये दोघी एकत्र गायल्या. १९९० साली पॅरिसचं नवं बास्तीय ऑपेरागृह 'ले त्रॉयां'ने सुरू झालं तेव्हा बम्ब्रीबाई कासांद्रा होत्या आणि व्हेरेट डिडो.

१९९७ साली ल्यों शहरात 'एलेक्ट्रा'तली क्लिटेम्नेस्ट्रा गाऊन बाईंनी पूर्ण लांबीच्या भूमिकांचा निरोप घेतला. ती मेझोची भूमिका आहे. त्यानंतरही त्या अधूनमधून मंचावर आल्या. २०१३ साली व्हिएन्नात चायकोव्हस्कीच्या 'हुकुमाची राणी'मध्ये त्यांनी वृद्ध काउंटेस केली, वय ७६. काउंटेस खुर्चीत बसून तरुणपणीचं एक फ्रेंच गाणं आठवते, ग्रेत्रीचं, दबक्या आवाजात, मध्य सप्तकात. तिथे ना हाय सी असते, ना उडी. असतो फक्त मध्य, आणि तो हळू गाता आला पाहिजे.